अवमानाचे चौदा महिने

न्यायालयाचा अवमान म्हणजे राज्यव्यवस्थेच्या मुळावरच घातलेला घाव, आणि तो घालायला माणसाच्या अंगी मोठा उद्दामपणा लागतो, असे कायद्याच्या जाड पुस्तकांच्या प्रस्तावनेत लिहिलेले असते. मी तो चौदा महिने केला. मला टाचण्यांची एक डबी पुरली, आणि तीही भरलेली नव्हती. उद्दामपणाचे म्हणाल, तर साहेबांच्या केबिनचे दार ढकलण्याआधी मी दोनदा खोकत असे.

नाशकातल्या एका सरकारी कचेरीत मी आस्थापनेचा कारकून होतो. नेमणुका, बदल्या, रजा, बढत्या हे सगळे कागद माझ्या टेबलावरून जात. माणसाच्या आयुष्यात याखेरीजही काही घडते, हे मला वाचनालयातून आणलेल्या पुस्तकांवरून ठाऊक होते. कचेरीत मी 'वाचणारा' म्हणून ओळखला जाई. 'लिहिणारा' दुसरा होता, आणि ही गोष्ट त्याच्याबद्दलची आहे.

आमच्यात अर्ध्या दिवसाचे अंतर होते. आम्ही दोघे एकाच तारखेला नोकरीवर रुजू झालो. तो देवळ्याचा, कांदा पिकवणाऱ्या घरातला. पहिल्या एसटीने निघून कचेरी उघडायच्या वेळेला दारात हजर होता. मी कचेरीपासून चालत पंधरा मिनिटांवर राहणारा. पण आमच्या आईने पंचांग उघडून दुपारनंतरचा मुहूर्त काढला होता. रुजू अहवालात त्याच्या नावापुढे 'मध्यान्हपूर्व' लिहिले गेले, माझ्या नावापुढे 'मध्यान्होत्तर'. सरकारात ज्येष्ठता अशीच ठरते. पुढची सव्वीस वर्षे प्रत्येक ज्येष्ठता यादीत तो माझ्या वरच्या ओळीत राहिला. मुहूर्त उत्तम होता, असे आई शेवटपर्यंत सांगत असे.

वरच्या ओळीतल्या माणसाचा मत्सर करायला फारसे काही लागत नाही. तरी त्याने खूप साहाय्य केले. त्याचा मसुदा असा असे की त्यातला एक शब्द काढला तर पत्र लंगडे व्हावे. कोणताही साहेब येवो, महिन्याभरात त्याला हे कळे, आणि मग महत्त्वाच्या प्रत्येक मसुद्यावर साहेबांच्या हातची हिरवी ओळ येई: 'तपासून घ्या.' कोणाकडून, ते लिहायची गरज नव्हती. शिपाई फाइल उचलून सरळ त्याच्या टेबलावर ठेवी. मी उशाला चार-चार पुस्तके घेऊन झोपणारा, आणि माझ्या वाक्यांत लाल पेन्सिल चालवी ती नियमपुस्तिकेपलीकडे काही न वाचलेल्या माणसाची. वाक्य त्यानंतर सुधारलेले असे, हे जास्त लागे.

त्याची आई एकदा डोळे दाखवायला नाशकात आली, तेव्हा कचेरी पाहायला आली. दारातच थांबली. आम्हा कारकुनांच्या खुर्च्या वेताच्या, बिनहातांच्या. कोपऱ्यात कार्यालय अधीक्षकांची खुर्ची होती, तिला हात होते. म्हातारीने दोन्ही खुर्च्या नीट पाहिल्या आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात विचारले, "भाऊ, तुनी खुर्चीले हात नही शेतस का रे?"

सगळे हसले. तोही हसला. म्हणाला, "येतीन, आई. हात बी येतीन."

तेव्हापासून त्याचे सगळे त्या खुर्चीवर अडले होते. त्याने तसे कधी बोलून दाखवले नाही. पण अधीक्षकांच्या टेबलाजवळून जाताना तो त्या खुर्चीच्या हातावर बोटे टेकवून जाई. मी ते पाहत असे. मला स्वतःला त्या खुर्चीचे काही वाटत नव्हते. ती त्याला मिळेल, याचे वाटत होते.

सत्तरचे दशक संपताना अधीक्षकाची जागा रिकामी झाली. यादीत पहिला तो, दुसरा मी. बढती तिसऱ्याला मिळाली. तिसऱ्याचे गुण काय होते ते तेव्हाच्या साहेबांना ठाऊक असतील. ते लवकरच बदलून गेले. त्या दिवशी दुपारच्या सुट्टीत तो आपला डबा घेऊन माझ्याकडे आला. कांदा बुक्कीने फोडून अर्धा माझ्यापुढे सारला.

"महाराज, हायकोर्टात जाऊ."

"कोण?"

"आपण दोघं. अन्याय दोघांवर झालाय. तू माझ्याखाली सही कर."

माझ्याखाली. त्याच्या मनात काही नव्हते. यादीचा क्रम तसाच होता. मी विचार करतो म्हणालो, आणि दुसऱ्या दिवशी सांगितले, "घरून नको म्हणतात. सरकारशी भांडून कोणाचं भलं झालंय?" घरी मी विचारलेच नव्हते. मला भीती वाटत होती, आणि भीतीसाठी बायको ही नेहमीचीच जामीन असते.

तो एकटा गेला. चार वर्षे तारखा पडल्या. दर तारखेला तो रजा टाकून पहाटेच्या एसटीने मुंबईला जाई, दुसऱ्या दिवशी कामावर येई, आणि मी सहानुभूतीने विचारी, "काय झालं?" तो म्हणे, "पुढची तारीख." तेवढ्यावर माझा दिवस चांगला जाई.

मग एके दिवशी तो जिंकला. सहा आठवड्यांत याचिकाकर्त्याला अधीक्षकपदी बढती द्यावी, असा आदेश झाला. फक्त याचिकाकर्त्याला. मी याचिकाकर्ता नव्हतो. कचेरीत पेढे वाटले गेले. पेढा तोंडात असताना माणसाला बोलता येत नाही, हे पेढ्याचे खरे मोल मला त्या दिवशी कळले.

भाजीबाजारात त्याची बायको माझ्या बायकोला भेटली. संध्याकाळी पिशवी ओट्यावर ठेवत बायको म्हणाली, "मी नको म्हटलं होतं म्हणे हायकोर्टाला."

मी पुस्तकाचे पान उलटले.

"अहो, ऐकताय ना? मला कधी विचारलंत?"

"तू नकोच म्हणाली असतीस."

"हो म्हणाले असते. तुम्ही घाबरलात आणि माझं नाव पुढे केलंत. आता ती बिचारी माझीच समजूत घालत होती, 'वहिनी, वाईट वाटून घेऊ नका.' मेथी निवडायला घ्या आता."

तर अशा मनःस्थितीत उच्च न्यायालयाचा आदेश माझ्या टेबलावर आला. बढतीची कागदपत्रे आस्थापनेकडेच येतात. सगळ्या राज्यात तो कागद ज्या एका माणसाच्या हाती जाऊ नये, त्याच्याच हाती नियमाप्रमाणे गेला.

मी काही गैर केले नाही. फाइल उघडली, आदेश टाचला, 'अवलोकनार्थ व आदेशार्थ सादर' अशी टिपणी लिहिली. साहेबांनी त्यावर 'चर्चा करा' असे लिहिले. न वाचलेल्या प्रत्येक कागदावर ते तसे लिहीत. याचा अर्थ कारकुनाने सवडीने आत जाऊन तोंडी सांगावे. मला तीन आठवडे सवड झाली नाही. मग आदेशाची प्रत साधी आहे, प्रमाणित प्रत लागेल, असे मी त्याला पत्र दिले. आमच्या टेबलांमध्ये सहा पावलांचे अंतर होते, तरी ते पत्र जावक क्रमांक पडून शिपायाच्या हाती गेले. त्याने आठ दिवसांत प्रमाणित प्रत आणून दिली. पण ती इंग्रजीत होती, आणि कचेरीचे कामकाज मराठीत चालावे असा शासनाचा आग्रह होता. मी भाषांतरासाठी पाठवली. मातृभाषेचा एवढा अभिमान मला त्याआधी वाटला नव्हता. भाषांतर साडेचार महिन्यांनी आले. त्यानंतर मी मुंबईच्या वरिष्ठ कचेरीचे मार्गदर्शन मागवले.

मार्गदर्शन मागवणे ही आमच्या कामातली सर्वांत सभ्य युक्ती. करायचे काय ते आदेशात स्वच्छ लिहिलेले असते. आपण फक्त विचारायचे, की करायचे काय? मग उत्तर येईपर्यंत न करण्याला नियमाचा आधार मिळतो. मुंबईने विहित नमुन्यात तीन प्रतींत माहिती मागवली. मी दोन पाठवल्या. तिसरी मागायला मुंबईला अडीच महिने लागले. इतक्या वर्षांत मी कोणाचे मुद्दाम काही वाईट केले असेल, तर ती तिसरी प्रत. ती माझ्या खणात, वाचनालयाच्या पुस्तकाखाली होती.

तो हे सगळे पाहत होता. मार्गदर्शनाची युक्ती मला त्यानेच शिकवली होती, एका जुन्या प्रकरणात. एकदा जेवताना म्हणाला, "काय महाराज, आमचं पोरगं कुठवर आलं?"

"मुंबईला गेलंय."

"चालायला लागलं म्हणायचं."

"रांगतंय अजून."

"हळू घ्या," तो कांदा फोडत म्हणाला. "पडलं तर लागेल. माझी अडीच वर्षं उरलीत फक्त."

अर्धा कांदा त्याने नेहमीप्रमाणे माझ्यापुढे सारला. मी खाल्ला. देवळ्याचा कांदा उत्तम असतो, मत्सरातही.

चौदाव्या महिन्यात, त्याच्या अर्जावरून, अवमानाची नोटीस आली. ती साहेबांच्या नावे होती. अवमान करणारा म्हणून कायद्याला कारकून दिसत नाही. शिपाई बाहेर येऊन कुजबुजला, "साहेब लय घामाघूम झालंय. तुमास्नी बोलिवलंय."

साहेबांच्या हातात नोटीस होती आणि पंखा पूर्ण वेगात होता.

"अहो, यात तुरुंग होतो का हो?"

मी पुस्तकात पाहिले होते. "होतो साहेब. सहा महिन्यांपर्यंत. पण साधी कैद."

"साधी म्हणजे घरचा डबा चालेल?"

"ते पाहावं लागेल, साहेब."

"पाहू नका!" साहेब ओरडले. "काही पाहू नका आता, काही मागवू नका. मी हा आदेश वाचलेलाच नाही. कधी आला हा?"

मी तारीख सांगितली. त्यांनी फाइलवर स्वतःच्या हातचे 'चर्चा करा' पाहिले आणि ते अंगठ्याने झाकले. पुढच्या सोमवारी ते त्र्यंबकेश्वरला जाऊन अभिषेक करून आले. तिथे त्यांना कोणी प्रमाणित प्रत मागितली नाही.

न्यायालयात द्यायच्या माफीच्या प्रतिज्ञापत्राचा मराठी मसुदा मी लिहिला. इंग्रजी सरकारी वकील करणार होते. विलंब 'प्रशासकीय कारणास्तव' झाला, असे मी लिहिले. साहेबांनी शेवटी स्वतः एक वाक्य घातले: 'विलंबास जबाबदार असलेल्या संबंधित लिपिकाविरुद्ध कारवाई करण्यात येत आहे.' संबंधित लिपिक त्यांच्यासमोर उभा होता. त्यांनी वर पाहिले नाही. कोऱ्या समासात, वर्षानुवर्षांच्या सवयीने, हिरवी ओळ लिहिली: 'तपासून घ्या.'

शिपायानेही सवयीने फाइल उचलली आणि त्याच्या टेबलावर ठेवली. ज्याच्या तक्रारीवरून माफी मागायची, त्याच्याकडेच माफीचा मसुदा दुरुस्तीला गेला आहे, हे कचेरीत कोणाच्याही ध्यानात आले नाही. माझ्या आले. मी सहा पावलांवर बसून होतो आणि उठू शकत नव्हतो.

त्याने चष्मा पुसला. मसुदा दोनदा वाचला. चौदा महिन्यांच्या हालचालींचा तक्ता सोबत होता. त्यात मी तीन आठवड्यांची ती 'चर्चा' गाळली होती. त्याने तारखेनिशी ती भरली. तिसऱ्या प्रतीच्या नोंदीवर पेन्सिल बराच वेळ थांबली. आता तो उठेल, फाइल हातात घेऊन सरळ आत जाईल, असे मला वाटले. मी त्याच्या जागी असतो तर गेलो असतो. ती नोंद त्याने तशीच ठेवली आणि पान उलटले.

संध्याकाळी फाइल परत आली. साहेबांच्या वाक्यावर तांबडी रेघ होती, आणि समासात त्याचे नेटके अक्षर: 'अनावश्यक. न्यायालयाने विचारलेले नाही.'

साहेबांनी ते मान्य केले. त्याची दुरुस्ती ते नेहमीच मान्य करत.

दुसऱ्या दिवशी जेवताना तो एवढेच म्हणाला, "'विनम्रपणे' तीनदा आलं होतं. दोन काढले."

"आणि ते वाक्य?"

"वाक्य बरोबर होतं," तो म्हणाला. "पण माफीनाम्यात शोभत नव्हतं."

त्याने सूड घेतला असता तर मला त्याचा राग करता आला असता आणि आम्ही बरोबरीला आलो असतो. ती सोयही त्याने ठेवली नाही. चांगुलपणातही तो माझ्या वरच्या ओळीत जाऊन बसला. त्या रात्री बायकोला मी सगळे सांगितले. ती म्हणाली, "उद्या डब्यात त्यांच्यासाठीही पुरणपोळी देते." मी नको म्हणालो. तिने दिली.

सुनावणीच्या आदल्या दिवशी मुंबईचा ट्रंककॉल आला, आणि चौदा महिने अडलेला बढतीचा आदेश दुपारच्या चहाआधी निघाला. दुसऱ्या दिवशी पंचवटी एक्सप्रेसने साहेब आणि मी मुंबईला गेलो. नाशिकरोडच्या फलाटावरून एकलहऱ्याच्या वीजकेंद्राच्या चिमण्यांकडे पाहत साहेब माफीची इंग्रजी वाक्ये पुटपुटत होते. कसारा येईपर्यंत त्यांना ती पाठ झाली. कोर्टात आमचा पुकारा दुपारी झाला. सरकारी वकील म्हणाले, आदेशाचे पालन झाले आहे. न्यायमूर्तींनी कागद पाहिला, माफी स्वीकारली आणि पुढचे प्रकरण पुकारले. साहेबांचे तोंड उघडलेले तसेच राहिले. दोन मिनिटेही लागली नसतील. पण त्या दोन मिनिटांत, एवढ्या उंच छताच्या दालनात, त्याचे पूर्ण नाव वडिलांच्या नावासकट मोठ्याने वाचले गेले. मी अवमान केला, मी तक्ता बनवला, पहाटे उठून मीच इतक्या लांब आलो. आणि नाव त्याचे. तो स्वतः आलाही नव्हता. नाशकात कचेरीत काम करत बसला होता.

तो अधीक्षक झाला. तिसऱ्याला मात्र खाली आणले नाही; त्याच्यासाठी वरून एक जादा पद मंजूर झाले आणि तो आपल्या टेबल-खुर्चीसकट होता तिथेच राहिला. कचेरीत अधीक्षक दोन झाले, हातांची खुर्ची एकच. नव्या अधीक्षकाने आपली बिनहातांची वेताची खुर्ची भांडारातून आलेल्या दुसऱ्या मोठ्या टेबलामागे नेली आणि खुर्चीसाठी मागणीपत्र दिले. मसुदा त्याचाच, निर्दोष.

महिन्याभराने त्याची आई पुन्हा आली. आता तिला एकाच डोळ्याने दिसत होते, पण तेवढा पुरला. तिने टेबल पाहिले, मग खुर्ची.

"हात कोठे शेतस रे, भाऊ?"

मी एका रजेच्या अर्जात डोके घातले.

"आई," तो म्हणाला, "ज्यासनी कंबर दुखस, त्यासले देतस हातनी खुर्ची."

"तुनी नही दुखस ना?"

"नही."

"मंग बरं शे," म्हातारी म्हणाली आणि जाताना माझ्यासमोर चार कांदे ठेवून गेली.

मला वाटले, आता तरी माझे अडवण्याचे काम संपले. ती खुर्ची मी अडवलेली नव्हती. उलट मी भांडाराच्या कारकुनाकडे दोनदा चौकशी केली. तो म्हणाला, प्रमाणापेक्षा जास्त खुर्ची आहे, मार्गदर्शन मागवले आहे. मी त्याच्या तोंडाकडे पाहिले. त्याचे आणि अधीक्षकाचे काहीच वैर नव्हते. त्याला कोणाचा मत्सर नव्हता, कसली भीती नव्हती. तो निव्वळ काम करत होता. चौदा महिने मी जे एवढ्या कष्टाने, रात्रीची झोप घालवून केले, ते माझ्यावाचूनही तसेच झाले असते की काय, ही शंका तेव्हा पहिल्यांदा आली. मत्सरी माणसाला यापेक्षा अपमानकारक काही नसते.

दोन वर्षांनी तो त्याच बिनहातांच्या खुर्चीवरून निवृत्त झाला. निरोपसमारंभात साहेबांनी न्यायव्यवस्थेवर भाषण केले. तो देवळ्याला गेला. त्याची जागा ज्येष्ठतेने मला मिळाली; कोर्टात न जाता, सहज. नवे कारकून महिनाभर मसुदे माझ्याकडे आणत राहिले, आणि मी दुरुस्त केल्यावर ते वाचून जरा थांबत.

तो देवळ्याला गेल्यानंतर अकराव्या दिवशी भांडारातून खुर्ची आली. मागणीपत्रावर सही त्याची होती, पोच मी दिली. त्या खुर्चीवर मी दोन वर्षे बसलो. तिचा डावा हात पहिल्या दिवसापासून हलत होता.